बंद दार, बारीक छिद्र : सदनिकाजीवनातील संशय आणि मराठी साहित्य

जयवंत दळवी यांचे 'संध्याछाया' (१९७३) हे नाटक कोडोली परिसरातील विद्यार्थ्यांना शिकवताना प्रस्तुत लेखकाला एकच प्रश्न थोड्याफार फरकाने पुन्हा पुन्हा ऐकावा लागला आहे. नाना आणि नानी ही वृद्ध जोडी घरात दोघेच राहते. थोरला मुलगा अमेरिकेत स्थायिक झालेला, धाकटा हवाई दलात. धाकटा युद्धात मारला जातो आणि अखेरीस दोघे झोपेच्या गोळ्या घेऊन आयुष्य संपवतात. एवढे सांगून झाले की मागच्या बाकावरून कोणीतरी विचारते, "पण सर, शेजारी कोणीच नव्हतं का?"

प्रथम हा प्रश्न भाबडा वाटला होता. ज्याच्या घराच्या सोप्यात दिवसभर येणाऱ्याजाणाऱ्याची वर्दळ असते, ज्याच्या आईला चूल पेटण्याआधीच पलीकडच्या घरात काल रात्री काय घडले ते ठाऊक असते, त्या मुलाला तो पडणारच, असे मनाशी म्हणून मी पुढच्या अंकाकडे वळत असे. पुढे मात्र जाणवले की, आपल्या वाचनात आलेल्या या नाटकाच्या बहुतेक विवेचनांनी परदेशी गेलेल्या मुलाकडे आणि पिढ्यांतील अंतराकडे बोट दाखवले आहे. भिंतीपलीकडच्या माणसाकडे कोणी फारसे वळलेले नाही. प्रस्तुत लेखाचा विषय हा भिंतीपलीकडचा माणूस आहे. तो मराठी साहित्यात कधी होता, कधी दिसेनासा झाला आणि दिसेनासा झाल्यावर त्याच्या जागी काय आले, याचा हा शोध आहे.

आरंभी एक खुलासा आवश्यक आहे. 'संशयग्रस्तता' हा शब्द येथे मानसोपचारशास्त्रातील निदान म्हणून योजलेला नाही. आपल्याविरुद्ध कट चालला आहे, आपल्यावर पाळत आहे अशी अढळ समजूत करून घेणारा रुग्ण हा वैद्यकाचा विषय आहे. साहित्यात दिसते ते त्याचे सौम्य, घराघरात आढळणारे रूप : जिन्यात पावले वाजली की कान टवकारणे, वरच्या मजल्यावर खुर्ची सरकली की ती मुद्दामच सरकवली असे वाटणे, लिफ्टमध्ये कोणी हसले तर ते आपल्यालाच हसले असे धरून चालणे. 'मन चिंती ते वैरी न चिंती' ही आपली म्हण या अवस्थेचे नेमके वर्णन करते. मात्र या म्हणीत वैरी कोण हे ठाऊक असते. सदनिकेतल्या माणसाला तेही ठाऊक नसते.

सदनिका येण्यापूर्वी मराठी साहित्याला परिचित असलेले शहरी घर म्हणजे चाळ. पु. ल. देशपांडे यांच्या 'बटाट्याची चाळ' (१९५८) या पुस्तकाने ती अजरामर केली. या चाळीत खाजगी असे काहीच नाही. उपास, संगीतशिक्षण, प्रवास, भांडण, सारे सामुदायिक. कोणी वजन कमी करायचे ठरवले तर ती बातमी त्याच्या वजनापेक्षा वेगाने हलते. विनोद निर्माण होतो तो या अतिपरिचयातून. पण पुस्तकाच्या अखेरच्या चिंतनात हसू ओसरते आणि चाळीचे जग मावळल्याची खंत उरते. १९५८ साली, म्हणजे मुंबईत चाळी गजबजलेल्या असतानाच, चाळीच्या सर्वांत लाडक्या चित्रकाराने तिचा निरोप घेऊन ठेवावा, ही लक्षात घेण्याजोगी गोष्ट आहे.

चाळीची रचना पाहिली म्हणजे या साहित्यातील शेजार कोठून आला ते कळते. वरळी, नायगाव, ना. म. जोशी मार्ग आणि शिवडी येथील बी. डी. डी. चाळी १९२० च्या दशकात उभ्या राहिल्या. त्यांतील खोली सुमारे १६० चौरस फुटांची. एवढ्या जागेत एक कुटुंब, पुष्कळदा गावाकडून आलेले आणखी दोनचार जण. अशा खोलीत माणूस केवळ झोपू शकतो. राहायचे तर त्याला गॅलरीत यावे लागते. नळ सार्वजनिक, संडास सार्वजनिक, आणि म्हणून गाऱ्हाणीही सार्वजनिक. शेजारधर्म हा येथे सद्गुण नव्हता, सोय होती. याचा विसर पडल्यामुळेच चाळीविषयीचे आपले पुष्कळसे लेखन गहिवरून जाते. भाऊ पाध्ये यांच्या 'वैतागवाडी'चे नाव जरी वाचले तरी हा गहिवर थोडा ओसरावा. मुंबईत डोके टेकायला जागा मिळवणे हीच जेथे आयुष्य खाऊन टाकणारी खटपट, तेथे शेजाराची काव्यमयता जरा बेतानेच घ्यावी.

सदनिकेची कुळकथा सहसा सांगितली जाते तशी नाही. ती एकाकी माणसासाठी निर्माण झाली नव्हती. मुंबईत गावदेवी येथे १९१५ साली स्थापन झालेली सारस्वत सहकारी गृहनिर्माण संस्था ही या प्रकारची आरंभीची संस्था. नावावरूनच कळते की तेथे परके लोक एकत्र आले नव्हते, ओळखीचे लोक एकत्र राहायला गेले होते. पुढे भाडेनियंत्रणाच्या १९४७ च्या कायद्याने भाडी गोठली, भाड्यासाठी इमारती बांधणे परवडेनासे झाले आणि बांधणाऱ्यांचा ओढा घरे विकण्याकडे वळला. सहकारी संस्थांचा १९६० चा अधिनियम, मालकी हक्काच्या सदनिकांविषयीचा १९६३ चा अधिनियम आणि अपार्टमेंट मालकीचा १९७० चा अधिनियम यांनी या व्यवहाराला कायद्याची चौकट दिली. दहा वर्षांत तीन कायदे! साहित्याच्या अभ्यासकाने या सनावळीकडे दुर्लक्ष करू नये, कारण हाच काळ मराठीतील नवकथेनंतरच्या आणि लघुनियतकालिकांच्या लेखनाचा आहे. 'भाडेकरू' जाऊन 'सभासद' आला. 'बिऱ्हाड' हा शब्द मागे पडला. त्यात भांडीकुंडी, माणसे आणि हलते आयुष्य होते. 'सदनिका' या शब्दात फक्त क्षेत्रफळ आहे.

सदनिकेने तीन गोष्टी बदलल्या. नळ घरात आला, संडास घरात आला आणि दार बंद झाले. पहिल्या दोहोंविषयी, विशेषतः स्त्रियांच्या दृष्टीने, कृतज्ञताच वाटायला हवी. तिसरी गोष्ट साहित्याची आहे.

चाळीतले दार दिवसा उघडे असे. बंद दार ही बातमी असे. सदनिकेत याच्या उलट होते. तेथे उघडे दार पाहून माणूस थबकतो, आत काही घडले तर नाही ना असे त्याला वाटते. आणि बंद दाराला एक बारीक काचेचे छिद्र असते, ज्यातून आतल्याला बाहेरचा दिसतो, बाहेरच्याला आतला दिसत नाही. संशोधनाच्या निमित्ताने प्रस्तुत लेखक काही वर्षांपूर्वी मुंबईत एका परिचितांच्या रिकाम्या सदनिकेत महिनाभर राहिला होता. तिसऱ्या आठवड्यात एका संध्याकाळी जिन्यात पावले वाजली आणि आपण वाचन सोडून, चपला न घालता, आवाज न करता दारापाशी जाऊन त्या छिद्राला डोळा लावून उभे आहोत हे माझ्या ध्यानात आले. बाहेर समोरच्या घरातली वृद्ध बाई किल्ली शोधत होती. तिने मान वळवून माझ्या दाराकडे पाहिले. आत कोणी उभे आहे हे तिला कळले असावे असा मला त्या क्षणी संशय आला. तिला माझा आला असेलच. आम्ही महिनाभर एकमेकांशी बोललो नाही. गावी परतल्यावर ही गोष्ट घरी सांगण्याचीही लाज वाटली.

समाजशास्त्राला या वर्तनाची ओळख जुनी आहे. जर्मन विचारवंत गेओर्ग झिमेल यांनी १९०३ साली महानगरातील मनोव्यापारांवर लिहिताना म्हटले होते की, शहरातला माणूस वर्षानुवर्षे शेजारी राहणाऱ्याला चेहऱ्यानेही ओळखत नाही. ही अलिप्तता त्याने स्वतःच्या बचावासाठी धारण केलेली असते, आणि तिच्या मुळाशी उदासीनतेबरोबर एक सूक्ष्म तिटकाराही असतो. युरोपीय साहित्याने आणि चित्रपटाने या तिटकाऱ्याचा पाठपुरावा टोकापर्यंत केला. काफ्काच्या 'बीळ' या दीर्घकथेतला प्राणी स्वतःच खोदलेल्या सुरक्षित बिळात एका अस्पष्ट आवाजाने पछाडला जातो. रोलां तोपोर यांच्या १९६४ च्या कादंबरीवरून रोमन पोलान्स्की यांनी १९७६ मध्ये काढलेल्या 'द टेनंट' या चित्रपटात पॅरिसमधील एका भाडेकरूची खात्री पटत जाते की, आपल्या आधी त्या घरात राहणाऱ्या आणि खिडकीतून उडी घेतलेल्या स्त्रीचेच रूप आपल्याला देण्याचा शेजाऱ्यांचा डाव आहे. ही उदाहरणे तुलनेपुरती. मराठीत या अनुभवाचे रूप वेगळे आहे.

मराठीत भयाचे स्थलांतर आधी लोकप्रिय कथेत झाले. नारायण धारपांच्या भयकथेतील भय पुष्कळदा जुन्या वास्तूत, आडबाजूच्या गावात, पिढ्यान्‌पिढ्या बंद असलेल्या खोलीत राहते. म्हणजे त्याला पूर्वज असतात. रत्नाकर मतकरी यांच्या गूढकथेने ते मध्यमवर्गीय शहरी घरात, रोजच्या वापरातल्या वस्तूंत आणि नात्यांत आणून बसवले. समीक्षेने या कथांना वाङ्मयीन चर्चेत फारशी जागा दिली नाही, हे आपले दुर्दैव. भूत वाड्यातून सदनिकेत राहायला आले ही घटना साहित्याच्या सामाजिक इतिहासात नोंदवण्यासारखी आहे.

गंभीर मानल्या गेलेल्या लेखनात विलास सारंग आणि वसंत आबाजी डहाके ही दोन नावे या संदर्भात टाळता येणार नाहीत. सारंगांच्या पहिल्या कथासंग्रहाचे नावच 'सोलेदाद' (१९७५). स्पॅनिश भाषेत या शब्दाचा अर्थ एकाकीपण. त्यांचा माणूस बहुधा तरुण, खोलीत एकटा, आणि त्याचे बाहेरच्या जगाशी असलेले नाते हळूहळू विपरीत होत जाणारे. या कथांत शेजाऱ्याशी भांडण होत नाही, कारण भांडणासाठी लागणारी ओळखच नसते. डहाके यांची 'योगभ्रष्ट' ही दीर्घ कविता १९६६ मध्ये 'सत्यकथे'त आली आणि १९७२ मध्ये पुस्तकरूपाने. तिचा इंग्रजी अनुवाद १९९२ मध्ये झाला तेव्हा अनुवादकांनी शीर्षकात दहशतीशी जोडलेला शब्द वापरला, तो उगाच नव्हे. या कवितेतील भय अमुक एका गोष्टीचे नाही. ते हवेसारखे शहरभर पसरलेले आहे. ही सदनिकेची कविता आहे असा दावा येथे नाही. पण ज्याला आपले भय सांगायला समोर माणूस नाही त्याच्या मनात ते कसे वाढते, याचा तिच्यासारखा दुसरा मराठी दस्तऐवज चटकन आठवत नाही.

या लेखनाच्या वाचनातून प्रस्तुत लेखक एका प्रतिपादनापर्यंत येतो. सदनिकेतील संशय ही शेजाराच्या अतिरेकाची प्रतिक्रिया नाही. तो शेजाराचा पर्याय आहे. चाळीतल्या माणसाची तक्रार अशी की, मला सगळे पाहतात. सदनिकेतल्या माणसाची खरी व्यथा अशी की, मला कोणीच पाहत नाही. आणि ही व्यथा असह्य झाली की मन एक पाहणारा निर्माण करते. कोणीतरी माझ्यावर पाळत ठेवून आहे, वरचा मुद्दाम आवाज करतो, समोरचा माझी टपालपेटी उघडतो, या समजुतीत त्रास आहे. तथापि तीत एक दडलेला दिलासाही आहे : आपण कोणाच्या तरी लक्षात आहोत. निव्वळ विस्मरणापेक्षा वैर बरे, असा हा हिशेब. 'संध्याछाया'तील नाना-नानी हा हिशेब करीत नाहीत. त्यांचे मन इतके निरोगी आहे की त्यांना घरी येणारा कोणीही परका माणूस हवाहवासा वाटतो. नाटकाचे कारुण्य येथेच आहे. ती दोघे थोडी संशयी, थोडी भांडखोर असती तर कदाचित तगली असती, असे म्हणणे क्रूर वाटेल, पण या नाटकाच्या वाचनातून मला ते टाळता येत नाही.

ऑगस्ट २०१७ मध्ये मुंबईच्या पश्चिम उपनगरातील एका बहुमजली इमारतीत एका वृद्धेचा सांगाडा तिच्या सदनिकेत सापडला. अमेरिकेतून आलेल्या मुलाने दार उघडवले तेव्हा हे उघड झाले. दोघांचे शेवटचे बोलणे एप्रिल २०१६ मध्ये झाल्याचे त्या वेळी वृत्तपत्रांत आले होते. दार आतून बंद होते. 'संध्याछाया' रंगभूमीवर येऊन तेव्हा चव्वेचाळीस वर्षे झाली होती. त्या वर्षी वर्गात मी हे कात्रण वाचून दाखवले. नेहमीचा प्रश्न त्या दिवशी कोणी विचारला नाही.

येथपर्यंतच्या विवेचनावर एक गंभीर आक्षेप घेता येतो, आणि तो घेतलाच पाहिजे. प्रत्येक संशय मनाची निर्मिती असतो काय? बाबूराव बागूल यांच्या 'जेव्हा मी जात चोरली होती' (१९६३) या शीर्षककथेकडे पाहावे. रेल्वेत नोकरी मिळालेला दलित तरुण गुजरातेत उधना येथे जातो आणि जात लपवून खोली मिळवतो. त्यानंतर त्याचे सारे दिवस धास्तीत जातात. लोक आपल्याला निरखत आहेत, एखादा शब्द, एखादी ओळख आपल्याला उघडे पाडील, ही त्याची भीती बाहेरून पाहणाऱ्याला विकार वाटावी अशी आहे. शेवटी तो उघडा पडतो आणि मार खातो. त्याला सोडवतो तो स्वतःची जात न चोरणारा काशिनाथ. त्याचे भय हा भ्रम नव्हता, बिनचूक अंदाज होता. मध्यमवर्गीय एकाकीपणाच्या चर्चेत ही कथा सहसा आणली जात नाही. ती आणल्याखेरीज ही चर्चा अप्रामाणिक ठरते, कारण 'शेजारी' या शब्दात कोणाला जागा होती हे तीच विचारते. माझ्या विद्यार्थ्यांपैकी काहींच्या आजोबांची घरे गावातच, पण वेशीच्या पलीकडे होती. 'शेजारी कोणीच नव्हतं का?' हा प्रश्न त्यांनी विचारला तर त्याचा अर्थ निराळा होतो.

ही गोष्ट १९६३ मध्ये संपली असेही नाही. गृहनिर्माण संस्थेने सभासदत्व एका समाजापुरते मर्यादित ठेवण्याचा उपविधी सर्वोच्च न्यायालयाने २००५ मध्ये अहमदाबादच्या पारशी संस्थेच्या खटल्यात वैध ठरवला. सप्टेंबर २०२३ मध्ये मुलुंडमध्ये एका मराठी स्त्रीला कार्यालयासाठी जागा नाकारण्यात आल्याचे प्रकरण गाजले, तेव्हा ज्यांना पिढ्यान्‌पिढ्या घर नाकारले गेले त्यांना त्या संतापाचे थोडे नवल वाटले असेल. एकट्या स्त्रीला घर देताना विचारले जाणारे प्रश्न, रखवालदाराची नजर, समितीच्या सभेत होणारी कुजबूज यांची भीती हीसुद्धा आजार या सदरात मोडत नाही. मेघना पेठे यांच्या 'नातिचरामि' (२००५) या कादंबरीतील मीरा एकटी राहते, आणि तिच्या एकटेपणाला स्वातंत्र्याची जी धार आहे ती नाना-नानींच्या एकटेपणाला नाही. बंद दार हे तिच्यासाठी शिक्षा नाही, मिळवलेली वस्तू आहे. सदनिकेने एकाकी केले आणि सदनिकेनेच मोकळे केले, ही दोन्ही विधाने मराठी साहित्यात एकाच वेळी खरी आहेत. त्यांतील एक निवडण्याची घाई समीक्षेने करू नये.

गाव या सर्वांपासून मुक्त आहे, अशी समजूतही सोडून दिलेली बरी. २०२० च्या उन्हाळ्यात मुंबई-पुण्याहून परतणाऱ्या आपल्याच माणसांसाठी गावांनी वेशीवर अडथळे घातले आणि त्यांना शाळांच्या खोल्यांत ठेवले. रोगाचे भय खरे होते. पण त्या दिवसांत गावातल्या माणसाने आपल्या चुलतभावाकडे ज्या नजरेने पाहिले, ती नजर मी मुंबईच्या त्या जिन्यात पाहिली होती.

ऑगस्ट २०२५ मध्ये वरळीच्या बी. डी. डी. चाळींच्या पुनर्विकासातील पहिल्या रहिवाशांना बहुमजली इमारतींतील घरांच्या चाव्या मिळाल्या. १६० चौरस फुटांच्या खोलीच्या जागी ५०० चौरस फुटांचे घर. शंभर वर्षे गॅलरीत राहिलेल्या कुटुंबांची दारे आता बंद होऊ लागतील. त्यांचे साहित्य अजून लिहिले जायचे आहे, आणि ते चाळीच्या आठवणींचे असेल तर अपुरे ठरेल.

कोडोलीतही आता तीनचार मजल्यांच्या इमारती उभ्या आहेत. मागच्या वर्षी 'संध्याछाया' शिकवून झाल्यावर एक विद्यार्थिनी थांबली. तिचे कुटुंब जुने घर पाडून अशाच एका इमारतीत राहायला गेले आहे. तिने सांगितले की आजी रोज दुपारी जेवण झाले की खुर्ची घेऊन दाराबाहेर जिन्याच्या वळणावर जाऊन बसते. खालच्या मजल्यावरच्यांनी तक्रार केली, आम्ही येताजाता म्हातारी टक लावून बघते, कोण आलं कोण गेलं याची नोंद ठेवते. घरच्यांनी आजीला समजावले, दार लावून टी.व्ही. बघत बस. आजीने दोन दिवस ऐकले. तिसऱ्या दिवशी ती पुन्हा खुर्ची घेऊन बाहेर गेली. "सर, ती कोणाची नोंद ठेवत नाही," मुलगी म्हणाली, "तिला नीट दिसतच नाही. मोतीबिंदू आहे."